चिलापीचं नाव बदललं तेव्हा

सरांना मी माफ केलेलं नाही. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे वाचताना कोणी त्याची वाट बघत बसायला नको.

आणीबाणी उठली त्या सुमाराची गोष्ट. मी नाशिकला बी.एस्सी.च्या शेवटच्या वर्षाला होते, विषय प्राणिशास्त्र. आमच्या बौद्ध वसाहतीतून त्या कॉलेजात सायन्सला गेलेली मी पहिली मुलगी. वडील पाटबंधारे खात्यात कारकून, गंगापूर धरणाच्या ऑफिसात. आई सिन्नरकडची, शाळा तिसरीपर्यंतच. रविवारी बाबा धरणावरून येताना मासे आणायचे, आणि बहुतेक वेळा ती चिलापीच असायची. पुस्तकात तिला टिलापिया म्हणतात. मूळची आफ्रिकेतली. माझ्या जन्माच्या आसपास कधीतरी तिला आपल्याकडे आणून तळ्यांत सोडलं, आणि ती इतकी वाढली की धरणावरच्या लोकांना ती इथलीच वाटायची.

आमचे विभागप्रमुख माशांचे जाणकार म्हणून ओळखले जायचे. प्रयोगशाळेतल्या कपाटात त्यांनी फॉर्मलिनमध्ये ठेवलेल्या माशांच्या बरण्या ओळीने मांडलेल्या होत्या, प्रत्येकीवर त्यांच्या वळणदार अक्षरातली चिठ्ठी. प्रात्यक्षिकाचं गाईड त्यांनीच लिहिलेलं. जिल्ह्यातल्या सगळ्या कॉलेजांत तेच चालायचं, हायस्कूलचे शिक्षकही तेच वापरायचे. त्यात टिलापियावर एक परिच्छेद होता, तो आम्हाला पाठ होता: हा मासा तळाशी खळगा करतो, दगडावर अंडी चिकटवतो आणि नर-मादी दोघं मिळून त्यांची राखण करतात.

त्या वर्षी एका रविवारी बाबांनी आणलेल्या मासळीतली एक चिलापी अजून जिवंत होती. मी तिला पाण्याच्या बादलीत टाकलं, तर तिच्या तोंडातून पिवळट अंडी बाहेर सांडली. दाण्यासारखी, लांबट. मला वाटलं, दुसऱ्या माशाची अंडी खाल्ली असतील. पण ती अंडी तळाशी गेली तशी तिने खाली जाऊन एकेक उचलली आणि परत तोंडात भरली. गिळली नाहीत. गाल फुगवून तशीच थांबली.

ती मासळी त्या दिवशी शिजली नाही. मी बाबांच्या मागे लागले. पुढच्या आठवड्यांत त्यांनी झाकणाच्या किटलीतून धरणावरच्या आणखी काही जिवंत चिलाप्या आणून दिल्या. घरामागे वापरायच्या पाण्याचा सिमेंटचा हौद होता. आईने कुरकुर करत तो मला दिला आणि स्वतःसाठी पिंप मांडलं. मी हौदात गोदावरीची वाळू टाकली आणि सकाळ-संध्याकाळ काठावर बसायला लागले.

जे दिसलं ते आजही डोळ्यांपुढे आहे. नर काळाकुट्ट झाला, गळा पांढरा, परांच्या कडा लाल. तोंडाने वाळू उचलून बाजूला टाकत त्याने परातीएवढा खळगा केला. इथपर्यंत सरांचं गाईड बरोबर होतं. मादी आली, खळग्यात अंडी घातली, आणि लगेच वळून ती सगळी तोंडात घेतली. नराने राखण वगैरे काही केली नाही. तो दुसऱ्या मादीच्या मागे लागला. ही मात्र कोपऱ्यात जाऊन थांबली. खायला टाकलं तर बघायची नाही. दर थोड्या वेळाने तिचा जबडा हलायचा, काही चावत असल्यासारखा. मी टक लावून बघितलं तेव्हा कळलं, ती अंडी घोळवत होती, सगळ्यांना पाणी लागावं म्हणून.

आई धुणं वाळत घालताना वाकून बघायची. "लय हडकली गं ही," म्हणायची. पुढे एका सकाळी मादीने तोंड उघडलं आणि पिल्लांचा एक ढग बाहेर आला. माझी सावली पाण्यावर पडली, तर सगळी पिल्लं उलटी पळून तिच्या तोंडात शिरली. मी मागे सरले, परत बाहेर. आईने हातातला धुण्याचा पिळा तसाच धरून ठेवला होता. "अगं बाई," एवढंच म्हणाली.

मी त्या दिवशी वर्गात जिंकून येणार होते. वीस-एकवीस वर्षांची मुलगी, तिला वाटतं की खरं दाखवलं की माणसं खूश होतात. पिल्लांसकट ती मादी किटलीत घेऊन मी सायकल हातात धरून चालत कॉलेजला गेले. प्रात्यक्षिकाचा तास सुरू होता. मी किटली सरांच्या टेबलावर ठेवली आणि एका दमात सगळं सांगितलं. तोंडात अंडी, तोंडात पिल्लं, राखण एकटी आईच करते, गाईडात आहे तसं नाही.

सरांनी चष्मा वर करून किटलीत पाहिलं. पिल्लं तेव्हा तिच्या तोंडात होती, आणि तिचा जबडा हलत होता.

"चावतेय ती," सर म्हणाले. "स्वतःची अंडी-पिल्लं खाणारे मासे खूप असतात. चवीने खातेय की!"

वर्ग हसला.

"नाही सर, ती घोळवते. मी रोज बघते. आमच्या हौदात..."

"हौदात!" सर म्हणाले. मग आवाज जरा खाली आणून, समजुतीच्या सुरात, "हे बघ, तुमच्यात मासा खायचा म्हणून बघतात. इथे तो अभ्यासायचा असतो. फरक आहे."

'तुमच्यात' म्हणजे कोणात, ते वर्गातल्या प्रत्येकाला कळलं. या वेळी हसणारे थोडे होते. बाकीच्यांनी माना खाली घातल्या. ते मला जास्त लागलं.

मग त्यांनी शिपायाला हाक मारली आणि नमुना म्हणून मादीला फॉर्मलिनमध्ये टाकायला सांगितलं. मी "नको सर" म्हणाले, दोनदा म्हणाले. शिपाई माझ्याकडे न बघता काम करत होता. बरणीत पडताच तिने तोंड उघडलं. पिल्लं बाहेर आली, सगळीकडे पांगली, आणि नंतर परत तिच्या तोंडाकडे वळली. तोंड उघडंच होतं. आत शिरलेली आणि बाहेर राहिलेली, सगळी एकाच वेळी थांबली. सर तोवर फळ्याकडे वळले होते. त्यांनी पाहिलंही नाही. त्यांनी पाहिलं असतं आणि तरी मानलं नसतं, तर कदाचित माझा राग वेगळा असता.

शेवटच्या प्रात्यक्षिक परीक्षेला तोंडी प्रश्न सरांनीच विचारले. बाहेरून आलेले परीक्षक शेजारी चहा पीत बसले होते. सरांनी कपाटातून तीच बरणी काढून माझ्यासमोर ठेवली. मुद्दाम.

"हिची प्रजननाची पद्धत सांग."

मला पाठ होतं. चार ओळी म्हटल्या असत्या तर सुटले असते. मी जे पाहिलं ते सांगितलं. सरांनी बाहेरच्या परीक्षकांकडे बघून खांदे उडवले, आणि ते गृहस्थ हसून परत चहाकडे वळले. निकाल लागला तेव्हा लेखी पेपरांत मी वर होते. प्रात्यक्षिकाने खाली ओढलं आणि पहिला वर्ग गेला. पहिल्या वर्गाशिवाय पुण्याला एम.एस्सी.ला जागा मिळणार नव्हती. मिळाली नाही.

बाबा म्हणाले, "जाऊ दे. बी.एड. कर. नोकरी लागेल." आईने मात्र हौद रिकामा केला नाही. पिंपातलंच पाणी वापरत राहिली.

बी.एड. केलं आणि घोटीच्या एका हायस्कूलमध्ये विज्ञान शिकवायला लागले. भाताच्या गिरण्यांचं गाव, हवेत कायम कोंडा. तिथे खोली घेऊन राहायची, शनिवारी नाशिकला यायची. मुलं चांगली होती, कामही बरं होतं. पण वर्षं गेली की राग निवतो असं लोक म्हणतात, ते माझ्या बाबतीत झालं नाही. मी त्याला निवू दिलं नाही. एस.टी.त बसले की सरांना काय काय म्हणायचं ते मी मनात जुळवायची. वाक्यं बदलायची, धार लावायची. कधी शेजारची बाई विचारायची, "मॅडम, काय झालं?" माझे ओठ हलत असायचे.

ऐंशी साल उलटून गेल्यावर एका उन्हाळ्यात प्रशिक्षणासाठी पुण्याला गेले, आणि तिथल्या एका मोठ्या ग्रंथालयात माशांवरची परदेशी पुस्तकं पहिल्यांदा हातात आली. दुपारची सुट्टी मी तिथेच घालवायची. दोन गोष्टी कळल्या.

पहिली गोष्ट ही, की मी पाहिलेलं काही नवं नव्हतं. ही चिलापी पिल्लं तोंडात वाढवते हे माझ्या जन्माआधीपासून छापलेलं होतं. सरांनी कुठल्या तरी दुसऱ्याच टिलापियाचं वर्णन, दगडावर अंडी घालणारीचं, उचलून आपल्या गाईडात घातलं होतं. त्यांची चूक एवढीच होती की त्यांनी वाचलं नव्हतं आणि पाहिलंही नव्हतं. हे कळल्यावर मी ग्रंथालयाच्या पायरीवर येऊन बसले. माझा पहिला वर्ग कुठल्या मोठ्या वादात गेला असता तर काही वाटलं नसतं. तो सरांच्या आळसात गेला होता.

दुसरी गोष्ट वाचून मात्र मला जवळजवळ हसू आलं. चिलापीचं नाव बदललं होतं. आधी आफ्रिकेतले हे सगळे मासे एकाच नावाखाली होते, कारण दिसायला सारखे, दात-पर-खवले सारखे. मग जाणकारांनी त्यांची विभागणी केली, आणि विभागणीत मोठं वजन दिलं ते पिल्लं कशी वाढवतात याला. जमिनीवर अंडी घालून राखण करणाऱ्यांना जुनं टिलापिया हे नाव राहिलं. तोंडात घेणाऱ्यांना वेगळं नाव मिळालं, सॅरोथेरोडॉन. मग त्यातूनही, ज्यांच्यात एकटी आईच पिल्लं तोंडात घेते, त्यांना आणखी वेगळं काढलं: ओरिओक्रोमिस. आमची गंगापूर धरणातली चिलापी त्या शेवटच्या गटात. म्हणजे ज्या एका गोष्टीवरून सरांनी वर्गाला माझ्यावर हसवलं, माझे गुण कापले, तीच गोष्ट आता तिच्या नावाचं कारण झाली होती.

मी ते नाव पेनाने हातावर लिहिलं आणि ठरवलं, हे सरांना चार लोकांत द्यायचं.

संधी यायला आणखी काही वर्षं गेली. नाशिकला जिल्ह्यातल्या विज्ञान शिक्षकांचं उन्हाळी शिबिर होतं, आणि 'आपल्या नद्यांतले मासे' या विषयावर बोलायला सर येणार होते. निवृत्तीला आले होते. मला हे दोन महिने आधी कळलं, आणि मी तयारीला लागले.

आधी शाळेतल्या काचेच्या पेटीत चिलाप्या ठेवून पाहिल्या. अंडी तोंडात घेतलेली मादी एस.टी.तून नेऊन बघितली, तर नाशिकच्या रस्त्यावर धक्के बसून तिने अंडी टाकली आणि गिळून टाकली. मग मासे शनिवारी घरी आणले आणि हौदातच सोडले. आई आता पन्नाशीच्या पुढे गेली होती. मी काय करतेय ते तिला सांगितलं नव्हतं, पण तिने विचारलं, "त्याच्यासाठी का?" मी हो म्हणाले. मी घोटीला असताना ती हौदावर लक्ष ठेवायची. शिबिराच्या आदल्या शनिवारी मी दारात पाऊल ठेवलं तर म्हणाली, "बाहेर काढायला लागली बघ. टायमावर हाय."

सकाळी रिक्षाने काचेची पेटी मांडीवर धरून गेले. हॉलच्या बाजूला खिडकीखाली ठेवली, वर टॉवेल टाकला.

सर म्हातारे झाले होते. केस पिकलेले, आवाज मात्र तोच. माशांचं शरीर, कल्ले, खवले, आणि मग चिलापी. त्यांनी ती चार वाक्यं म्हटली. दगड, अंडी, नर-मादी, राखण. एक शब्दही बदलला नव्हता.

मी उभी राहिले. "सर, एक शंका आहे. इथे एक मासा आणलाय, तो कोणता ते सांगाल का?"

ते उत्साहाने खाली आले. मी टॉवेल काढला. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, ओळखलं नाही. "टिलापिया मोझांबिका. मादी. आणि ही पिल्लं. छान!"

"पिल्लांची राखण कोण करतं सर?"

"आत्ताच सांगितलं ना. दोघं."

शिक्षक उठून पेटीभोवती जमले होते. मी पेटीवरून हात फिरवला. सावली पडली आणि सगळी पिल्लं आईच्या तोंडात शिरली. हॉलमध्ये एकदम आवाज झाला. कोणी तरी "परत, परत" म्हणालं. मी हात मागे घेतला, पिल्लं बाहेर आली, हात फिरवला, परत आत. आता मादीचा जबडा हलायला लागला.

आणि सर काय म्हणाले असतील? मी एस.टी.त बसून इतकी वर्षं वाक्यं जुळवली, पण हे मला सुचलं नव्हतं. ते लोकांकडे वळले आणि म्हणाले, "पाहिलंत? हेच मी विद्यार्थ्यांना वर्षानुवर्षं सांगत आलोय. मातृत्व! बाईंनी छान प्रात्यक्षिक आणलं." आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या.

माझे कान तापले. क्षणभर वाटलं, हेही गेलं. पण गाईड माझ्या पिशवीत होतं. त्यांचंच, नवी आवृत्ती, पुढच्या बाकावरच्या कितीतरी शिक्षकांकडेही होतं. मी पान काढलं आणि मोठ्याने वाचलं. चारही ओळी. सावकाश.

"हे कोणी लिहिलंय सर?"

"ती... छपाईची चूक असेल."

"चार ओळींची?"

मागून कोणी तरी फिस्सकन हसलं, मग आणखी काही. ते हसू मला ओळखीचं होतं. मी ते थांबू दिलं नाही. म्हणाले, "आणि सर, ही टिलापिया राहिलेली नाही. हिचं नाव बदललंय."

"नावं काय, बदलत राहतात. त्याला महत्त्व नाही."

"का बदललं ते मी सांगते. तुम्ही बसा."

आणि सर बसले. पुढच्या रांगेतल्या खुर्चीवर, हातात खडू तसाच. मी फळ्याशी गेले आणि शिकवलं. जमिनीवर घालणारे, तोंडात घेणारे, त्यातही एकटी आई घेणारे. तीन नावं लिहिली. मधे एकदा सरांनी विचारलं, "तुम्ही कुणाच्या विद्यार्थिनी?"

"तुमचीच, सर," मी म्हणाले. "आमच्यात मासा खायचा म्हणून बघतात."

तेव्हा त्यांनी ओळखलं. चेहरा मी नीट बघून घेतला. त्यासाठीच तर आले होते.

चहाच्या वेळी शिबिराचे प्रमुख मला बाजूला घेऊन म्हणाले, "बाई, वयाचा तरी मान ठेवायचा." पुढच्या वर्षी मला बोलावणं आलं नाही. घरी बाबाही नाराज झाले. "म्हातारा माणूस गं तो. एकट्यात सांगायचं होतंस."

"मला त्यांनी एकट्यात सांगितलं होतं का?"

आईने मला पाण्याचा तांब्या दिला आणि विचारलं, "मग? खाली बसला का?"

"बसला."

"बरं झालं," ती म्हणाली आणि भाकरी थापायला गेली.

त्यानंतर वर्षभराने सर घोटीला आले. न कळवता, एस.टी.ने. मधल्या सुट्टीत शिपायाने सांगितलं, कोणी तरी भेटायला आलंय. प्रयोगशाळेत स्टुलावर बसले होते, धाप लागलेली. गाईडची नवी आवृत्ती निघणार होती. चिलापीचा भाग मी लिहून द्यावा, प्रस्तावनेत माझे आभार मानतील, असं म्हणाले.

"तुम्हीच लिहा," मी म्हणाले.

ते थोडा वेळ पेटीतल्या माशांकडे बघत राहिले. मग अगदी वेगळ्या आवाजात, विद्यार्थ्यासारखं, विचारलं, "पण हे झालं कसं असेल गं? आधी जमिनीवर घालत असणार ना सगळे? मग तोंडात कसं आलं?"

मला उत्तर माहीत होतं. निदान जाणकारांना काय वाटतं ते माहीत होतं: आधी सगळे अंड्यांची राखणच करायचे. धोका आला की काहींनी ती तोंडात उचलून दुसरीकडे न्यायला सुरुवात केली असेल. मग उचलून ठेवण्याचा वेळ वाढत गेला, अंडी थोडी आणि मोठी झाली, चिकटेनाशी झाली. आफ्रिकेतल्या मोठ्या तळ्यांत थोड्याशा पूर्वजांपासून शेकडो जाती झाल्या, आणि पिल्लं तोंडात घेण्याची ही सवय वेगवेगळ्या घराण्यांत परत परत उगवली. हे सगळं सांगायला दहा मिनिटं लागली असती, आणि सांगायला मला फार आवडलं असतं. घोटीत हे विचारणारं मला दुसरं कोणी भेटलं नव्हतं.

"मला नाही माहीत सर," मी म्हणाले.

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मला माहीत आहे हे त्यांना कळलं, आणि मी सांगणार नाही हेही. घंटा झाली. मी नववीच्या वर्गावर गेले. परत आले तेव्हा स्टूल रिकामं होतं.

गाईडची नवी आवृत्ती आली. त्यात चिलापीचा परिच्छेद नव्हताच. चूक सुधारली नाही, मासाच काढून टाकला. जिल्ह्यातली मुलं काही वर्षं तिच्याशिवायच पास झाली. माझी सोडून.

पुढे सर गेले. कॉलेजात शोकसभा ठेवली होती, जुन्या विद्यार्थ्यांनी यावं असा निरोप मला घोटीला पोचला. त्या दिवशी सहामाहीचे पेपर तपासायचे होते. मी ते तपासत बसले, आणि संपले तेव्हा खोलीत जाऊन भात लावला.